धाकटीचे वीस आकडे

खोटं बोलत असेन तर ही कवळी तोंडातच अडकून बसू दे! एकूण एक शब्द खरा आहे.

माझी धाकटी बहीण पुस्तकं लिहायची, माहितीपट काढायची, आणि सगळं एकाच साबणाच्या कंपनीवर. कंपनी कपडे पांढरे करते आणि ओढा काळा, एवढंच तिचं म्हणणं. ते म्हणायला तिला तीन पुस्तकं, चार माहितीपट आणि सव्वीस वर्षं लागली. कंपनीच्या वकिलाची पहिली नोटीस इतकी जाडजूड होती, की पोस्टमन जिना चढून दमला आणि तिच्यावरच बसून पाणी प्यायला.

तिची एक युक्ती होती. समोरच्याचं उत्तर संपलं तरी कॅमेरा बंद करायचा नाही. गप्प बसून मनात वीस आकडे मोजायचे.

"ताई, माणसाला गप्प बसणं सोसत नाही गं," ती म्हणायची. "बाराच्या पुढे खरं बाहेर पडतं."

कंपनीचा मोठा साहेब चौदाव्या आकड्याला घामाघूम झाला आणि ओढ्यात काय काय सोडतात ते सांगून बसला. अठराव्याला तर सासूचा चष्मा आपणच लपवला, हेही कबूल केलं त्यानं!

माहितीपट गाजला. पण आमच्याकडे घरटी एक माणूस त्याच कंपनीत. जिन्यात धाकटी दिसली की बायकांना गॅसवर दूध ठेवल्याचं आठवायचं. एकाच वेळी सहा घरांत दूध उतू!

आणि मग तिची लेक. एक दिवस तिचा फोन आला. मी तिथंच बसले होते.

"आई, मला नोकरी लागली. त्यांच्याकडेच. जाहिरात विभागात."

धाकटीला बोलायचं होतं हो. पण सवय हाडात मुरलेली. गप्प बसली, आणि ओठ हलत होते. मोजत होती मेली!

पंधराव्याला लेक म्हणाली, "मी काय तुझ्या फिल्ममधला साहेब आहे का?" आणि फोन ठेवला.

सहा वर्षं कुणीच कुणाला फोन केला नाही. धाकटीच्या खोलीत दोन खुर्च्या. एकीवर ती, दुसरीवर टेपांची खोकी. मी गेले की खोकी खाली, निघाले की परत वर. रिकामी खुर्ची बघवत नाही म्हणायची. स्वयंपाक करताना स्वतःलाच विचारायची, "मीठ घातलंस का?" आणि उत्तराची वाट बघत उभी राहायची.

शेवटच्या माहितीपटाचा खेळ ठरला तेव्हा तिनं लेकीला चिठ्ठी धाडली. मला म्हणाली, "आली नाही, तर पुन्हा बोलावणार नाही."

हॉलमध्ये दोनशे खुर्च्या, माणसं अकरा. त्यातला एक पंखा दुरुस्त करायला आलेला. धाकटीनं शेजारची खुर्ची पर्स ठेवून धरली होती.

"हो बाई, एवढ्या गर्दीत जागा मिळायची नाही," मी म्हटलं. ती हसली नाही.

दिवे लागले. पर्स तिथंच. धाकटी नुसती तिची चेन उघडत होती, लावत होती.

मी तिच्या कानाशी लागले. "अगं, आली होती. शेवटच्या रांगेत बसून नाक पुसत होती. दिवे लागायच्या आत गेली. तुझंच नाक, लांबूनही ओळखू येतं."

"खरं?"

"कवळीची शप्पथ!"

तिनं तिथूनच फोन लावला. "मोजू नकोस, बोल," म्हणून मी चिमटा काढला.

"आलीस, बरं वाटलं," धाकटी म्हणाली. "त्या दिवशी मी रागावले नव्हते गं. मला बोलताच आलं नाही."

पलीकडे सामसूम. आता मी मोजायला लागले. सोळा, सतरा, अठरा...

"आई, जेवलीस का?"

परवा गेले तर खोकी खाली होती आणि खुर्ची पुसून ठेवलेली. लेक रविवारी येते म्हणाली आहे. दोन रविवार गेले, अजून आलेली नाही. धाकटी मला त्या खुर्चीवर बसू देत नाही.

कवळी टोचायला लागली, म्हणून सांगून टाकते. शेवटच्या रांगेत कुणी नव्हतं. ते मी रचलं. बाकी सगळं खरं, सहा घरांतल्या दुधासकट. धाकटीला अजून पत्ता नाही. पण आपण आलो नव्हतो, हे त्या पोरीला तर ठाऊक होतं ना? तीही काही बोलली नाही.