गिरणी, टाकी, विहार, घर

पोरींची टीम परगावी खेळायला निघाली की सोबत एक बाईमाणूस लागतं. त्याशिवाय भोकरदनचे आईबाप पोरी पाठवत नाहीत, आणि त्यांचं काही चुकत नाही. आमचे हे शाळेत पीटीचे सर, पोरींना बेसबॉल शिकवायचे, म्हणून ते बाईमाणूस कायमचं ठरलेलं होतं. मी. वीस वर्षं मी अंगणवाडीतून रजा काढून क्रूझरमध्ये ड्रायव्हरशेजारी बसले. मैदानावर पोचलं की सावली बघायची, पोरींच्या पिशव्या भोवती मांडायच्या आणि त्या गावच्या बाजारात घेतलेली मेथीची जुडी निवडत बसायचं. तेही मैदानाकडे पाठ करून, कारण समोरून ऊन यायचं. वीस वर्षांत मी एक सामना पाहिला नाही. जिंकलो की हरलो ते परतताना गाडीतल्या आवाजावरून कळायचं.

मग साखरेनं ह्यांचे डोळे नेले. रिटायर झाले त्याच वर्षी आधी डावा गेला, मग उजवा. संभाजीनगरला ऑपरेशन झालं, पण दिसायला लागलं ते एवढंच की खिडकी कुठे आहे आणि दिवा लागलाय का. टीम ह्यांचाच जुना विद्यार्थी अंगद बघायला लागला. पोरगा चांगला आहे, त्याच्याबद्दल माझी तक्रार नाही.

तक्रार आहे ती सत्काराबद्दल. गेल्या हिवाळ्यात भोकरदनलाच स्पर्धा होत्या. अंगद ह्यांना हात धरून घेऊन गेला. देवानंद सर आले, देवानंद सर आले, असं माइकवर दोनदा सांगितलं. स्टेजवर खुर्ची, अंगावर शाल, मांडीवर नारळ, तीन भाषणं. त्यानंतर सामना सुरू झाला आणि हे तसेच शाल पांघरून बसले. जो जवळून जाई त्याला विचारत, स्कोर काय झाला. प्रत्येक जण खांद्यावर हात ठेवून सांगे, सर, मस्त चाललंय, तुमचा आशीर्वाद आहे. दोन तास मस्त चाललं होतं.

घरी आल्यावर ह्यांनी नारळ चाचपून ओट्यावर ठेवला.

"नंदा, पोरी दिसत न्हाईत, ते ठीक हाय," म्हणाले. "पण ऐकू तर येतं ना मला? एकानं स्कोर सांगितला न्हाई."

दुसऱ्या दिवशी अंगदला बोलावून ह्यांनी आपली शिट्टी आणि ग्लोव्ह देऊन टाकला. तेव्हापासून मागच्या खोलीत भिंतीकडे तोंड करून बसायचे. आयुष्यभर मैदानाच्या ह्या टोकावरून त्या टोकाला ओरडलेला माणूस. त्याचं गप्प बसणं मला सहन होईना. जेवायला हाक मारली की उठायचे, जेवायचे, आणि परत भिंत. मला खरंच भीती वाटायला लागली की आता हे असेच राहणार.

बोलणं चालायचं ते फक्त फळीवरच्या रेडिओचं. कुठली का असेना, क्रिकेटची कॉमेंट्री लागली की ह्यांची मान जरा वर व्हायची. एकदा अंगद आला होता तेव्हा ह्यांनी विचारलं, "आपल्या पोरींची मॅच कोणत्या रेडिओवर लागंल रे?"

अंगद हसला. "सर, आपला पेपरात फोटो येत न्हाई. रेडिओ कुठला?"

हेही हसले. ते हसणं बघून मी हातातलं लाटणं खाली ठेवलं.

"मी लावते," मी म्हटलं.

दोघांना वाटलं मी चेष्टा करतेय. पण पोरींसोबत जाणं मला चुकलेलं नव्हतंच, आणि फोन तर होताच. मी मैदानावरून फोन लावायचा आणि दिसेल ते सांगायचं. ह्यांनी आपला फोन फळीवर रेडिओच्या डोक्यावर ठेवायचा आणि ऐकायचं. एवढं साधं होतं. साधं नव्हतं ते एकच, मला त्या खेळातलं ओ की ठो कळत नव्हतं.

मग शिकवणी सुरू झाली. ह्यांनी गादीवर चार वाट्या मांडल्या. ही होम, इथून बॅटिंग करायची. बॉल मारला की ह्या वाटीकडे पळायचं, ती फर्स्ट बेस. मग सेकंड, मग थर्ड, आणि फिरून होमला आलं की एक रन. मधोमध उभी राहून बॉल टाकते ती पिचर. मारताना बॉल हुकला की स्ट्राइक, असे तीन झाले की बॅटिंगवाली आऊट, तीन आऊट झाल्या की दुसऱ्यांची पाळी. चार दिवस झाले तरी माझी सेकंड आणि थर्डची गल्लत होई आणि हे वैतागत. पाचव्या दिवशी मी वैतागले. म्हटलं, तुमच्या वाट्या ठेवा तुमच्यापाशी. आपल्या दारातून निघालं की उजवीकडे गिरणी. गिरणीवरून वळलं की पाण्याची टाकी. टाकीवरून विहार, आणि विहारावरून परत आपलं दार. चार कोपरे झाले की नाही?

हे जोरात हसले, कितीतरी महिन्यांनी.

"बराबर हाय," म्हणाले. "बिलकुल बराबर हाय. गल्लीतून पळव पोरींना."

पहिला सामना जाफराबादला होता. मी फोन लावला आणि सांगायला लागले. अर्पिताची चप्पल तुटली, ती बुटात पाय घालायला उशीर करतेय. पायलची आई आलीय, जयभीम सांगितलाय तुम्हाला. ती लांब वेणीची पोरगी सकाळपासून काही खाल्लेली दिसत नाही.

"बॉल कुठंय?" फोनमधून आवाज आला.

"थांबा, बघते."

त्या दिवशी आमच्या पोरी अकरा-दोन अशा मार खाऊन आल्या. पण फोनवर ते आकडे माझ्या तोंडून निघेनात. भिंतीकडे तोंड करून बसलेला माणूस डोळ्यांसमोर येत होता. मी म्हटलं, थोडक्यात हरलो हो, पोरी छान खेळल्या. हे खूश झाले. म्हणाले, पुढच्या वेळी काढतील.

संध्याकाळी पायल घरी आली. पायल म्हणजे आमची पिचर, आठवीपासून ह्यांच्या हाताखाली, आता बारावीला. सरळ पोरगी. आल्या आल्या म्हणाली, "सर, अकरा रन दिले. लाज वाटून राह्यली."

ती गेल्यावर ह्यांनी फळीवरचा फोन काढून माझ्या हातात ठेवला.

"डोळे साखरेनं नेले," म्हणाले. "कान तू घेऊन राह्यलीस."

मला पटकन चूक कबूल करता येत नाही, हे सगळ्या गल्लीला माहीत आहे. दोन दिवस मी भांडी आपटली. तिसऱ्या दिवशी चहा देताना म्हटलं, तुम्हाला वाईट वाटू नये म्हणून बोलले. तीस वर्षं अंगणवाडीत हेच केलं. काट्यावर पोरगं कमी भरलं तरी आईला म्हणायचे, भरेल हळूहळू, बाई, काळजी करू नको. जीभ तशीच वळते.

ह्यांनी चहा फुंकला. "आईला ते सांगायचीस. आणि वहीत काय लिहायचीस?"

"वहीत जेवढं असेल तेवढंच. ग्रॅमसकट."

"मंग मला वहीतलं सांग. मी काही आई न्हाई."

मी कबूल केलं. त्यानंतरचे तीन सामने मी वहीतलं सांगितलं. कुणाच्या हातातून बॉल सुटला, कोण पळायला आळसावली, सगळं. हे चिडायचे, मांडीवर हात मारायचे, पण संध्याकाळी भिंतीकडे बसायचे नाहीत. दाराकडे तोंड करून बसायचे. पोरीही हळूहळू जिंकायला लागल्या आणि जालन्याला जिल्ह्याच्या फायनलला जाऊन पोचल्या. समोर अंबडच्या पोरी.

आदल्या दिवशी अंगद म्हणाला, सर, चला ना. हे म्हणाले, शाल अन् नारळ असंल तर न्हाई येत. मी घरी ऐकतो. आणि मला परत एकदा बजावलं, "वहीतलं."

जालन्यात उतरल्यावर सवयीनं मेथीची जुडी घेतली, ती पिशवीतच राहिली. बॅटिंगवालीच्या पाठीशी बसून बॉल झेलते ती कॅचर, तिच्या मागे मी जाळीला नाक लावून उभी राहिले आणि सकाळी दहाला रेडिओ लागला. सातव्या, म्हणजे शेवटच्या इनिंगपर्यंत माझा घसा बसला होता. आमचे पाच, अंबडचे चार. शेवटची पाळी अंबडची. त्यांच्या दोघी आऊट झाल्या होत्या, एक आऊट काढली की आम्ही जिंकणार. पण त्यांची एक पोरगी टाकीवर उभी होती आणि एक विहारावर.

"पायलकडे बघ," हे म्हणाले. "तिचंच सांग."

"पायल बॉल घेऊन उभी आहे. हात शर्टाला पुसला. टाकला. बॅटवाली फिरली, लागला नाही. दुसरा स्ट्राइक."

"अजून एक."

"हो. परत बॉल घेतला. हात पुसला. परत पुसला."

फोनमध्ये ह्यांचा श्वास ऐकू आला. "दोनदा?"

"दोनदा."

"मंग बॉल वर जाईल. घाबरली की दोनदा पुसते ती."

पायल माझ्यापासून हाकेच्या अंतरावर होती. मी जाळीला धरलेला हात सोडला. "ओरडून सांगू का तिला?"

"न्हाई." ह्यांनी आवाज चढवला नाही. "बाहेरून सांगणं बेइमानी हुईल. तिथं अंगद हाय. तू रेडिओ हायेस, नंदा. काय होतंय तेवढं सांग."

पायलनं बॉल टाकला. तो वर गेला. खेळातलं न कळणाऱ्या मलाही दिसलं की वर गेला. अंबडच्या पोरीनं असा हाणला की आवाज जाळीत घुमला. मी सांगत गेले. दोघींच्या मधून गेला. विहारावरची घरात आली, पाच-पाच. अर्पितानं बॉल उचलला. टाकीवरची विहारावरून वळली, येतेय. अर्पितानं फेकला. कॅचरकडे येतोय. दोघी एकदम आल्या. धूळ उडालीय, काही दिसत नाही.

धूळ खाली बसली. अंपायरनं दोन्ही हात आडवे पसरले होते, म्हणजे ती पोरगी घरात पोचली होती. पायल जिथे होती तिथेच खाली बसली.

फोनमध्ये हे थांबले होते. भोकरदनच्या त्या खोलीत दुसरं कुणी नव्हतं. मी काहीही सांगितलं असतं तरी निदान संध्याकाळपर्यंत ते खरं राहिलं असतं. माझी जीभ वळायला लागली होती, मी खोटं कशाला बोलू. भिंत दिसत होती मला. ह्यावेळी हे भिंतीकडे वळले तर परत फिरणार नाहीत, असं पक्कं वाटलं.

"सेफ," मी म्हटलं. "अंबड सहा, आपण पाच. हरलो. पायलच्याच बॉलवर."

अंबडच्या पोरी नाचत नाचत अख्खं मैदान फिरून आल्या, तेव्हा कुठे फोनमधून आवाज आला.

"पायल कुठंय?" हे म्हणाले.

"खालीच बसलीय. रडून राह्यली."

"दोन मिनिटं रडू दे. मंग फोन दे तिला."

मी दोन मिनिटं थांबले आणि जाऊन फोन स्पीकरवर करून तिच्यापुढे धरला. तिला वाटलं सांत्वन करायचंय. तिचं रडणं वाढलं.

"सर, बॉल वर गेला."

"जाणारच. हात दोनदा पुसलास तू. आठवीत असल्यापास्नं सांगतो, दोनदा पुसला की थांबायचं, पाय परत लावायचा, मंग टाकायचा. थांबलीस का?"

पायलचं रडणं बंद झालं. तिनं फोनकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"सर, तुम्हाला कुणी सांगितलं?"

"रेडिओवर ऐकलं," हे म्हणाले. "उद्या सकाळी सहाला ग्राउंडवर ये. अंगदला म्हणावं, माझी शिट्टी घेऊन ये. अन् फोन काकूला दे."

मी फोन कानाला लावला.

"नंदा, उद्या तू माझ्या शेजारी उभी राह्यची," म्हणाले. "मैदानाकडं तोंड करून. मेथी न्हाई आणायची."

पिशवीतली जुडी मी तिथल्या तिथे सामना बघायला आलेल्या पायलच्या आईला देऊन टाकली.