आठव्या पायरीची तक्रार

त्या घराचा कागद बाराव्यांदा माझ्या टेबलावर आला तेव्हा मी कपाळावर हात मारून घेतला. बावीस वर्षं मी सूरदुरुस्ती खात्यात आहे. कललेला पूल सरळ केलाय, रात्रंदिवस घुमणारी विहीर गप्प केलीय. पण त्या अठरा पायऱ्यांच्या जिन्यानं माझ्या नाकी नऊ आणले होते.

बिघाड असा, की आठव्या पायरीवर टाकलेला पाय सातवीवरच पडायचा. परत टाका, परत सातवी. वरून उतरताना नववीवरून निघालेला माणूस नववीवरच. आठवी दिसायची, लागायची मात्र नाही.

आमच्या शास्त्रात याचं उत्तर अगदी साधं आहे. प्रत्येक वस्तूला मूळ स्वर असतो, त्यावर बारीक उपस्वर चढलेले असतात, आणि ते सगळे नीट जुळले की वस्तू जागेवर राहते. घर आपले उपस्वर उचलतं आत राहणाऱ्यांच्या आवाजातून. ते बिघडले की आम्ही जायचं, सूर देणारा पोलादी काटा ठोकायचा, त्याच्या सुरात आवाज लावायचा. अकरा वेळा मी हे केलं. अकरा वेळा पायरी लागली, मी खालीवर चालून दाखवलं, सही घेतली. आणि मी चौकात पोचायच्या आत पायरी पुन्हा बेपत्ता!

घर दोन भावांचं. खाली धाकटा आणि त्याची बायको, वर थोरला आणि त्यांची आई. जिन्याखालच्या कपाटाची किल्ली कुणाकडे राहावी यावरून भावांनी वर्षभर अबोला धरला होता. दोघं बोलायचे ते माझ्यामार्फत. "वरच्यांना सांगा, पाय आपटू नका." "खालच्यांना सांगा, आमचे पाय आहेत, आपटू." मी काय यांचा पोस्टमन होतो?

त्यात बारा दिवसांपूर्वी खाली मुलगी झाली. आजींनी नातीचं तोंडही पाहिलं नव्हतं. थोरला मागच्या बाजूनं शिडी लावून ये-जा करायचा, पण आजींच्या गुडघ्यांना शिडी झेपणारी नव्हती. धाकटा म्हणे, मी वरच्यांच्या दारात पाय ठेवणार नाही. बाळंतिणीला शिडी चढायला सांगायची कुणाची हिंमत नव्हती. आणि माझ्या खेपेला आजी गुडघे धरत दारात येईपर्यंत सही घेऊन मी निघालेला असायचो.

या खेपेला मी दुरुस्तीला गेलोच नव्हतो. अकरा दुरुस्त्या टिकल्या नाहीत की बाराव्या वेळी जिना भिंत घालून बंद करायचा, असा नियम आहे. तो हुकूम खिशात होता. काटा ऑफिसच्या खुंटीवर.

मी सातव्या पायरीवर उभा राहून हुकूम वाचला.

"काटा कुठाय?" खालून धाकट्यानं विचारलं.

"भिंतीला काटा लागत नाही."

"म्हणजे हात टेकलेत तुम्ही!"

वरून थोरला कडाडला, "अकरा वेळा येऊन काय उजेड पाडलात?"

"तेच म्हणतो मी! नुसती सही घेऊन पळायचं!"

"पळायचं! अगदी बरोबर!"

बघा, वर्षभर तोंड न बघणारे दोघं एकमेकांची री ओढत होते. माझं डोकं फिरलं. हुकूम थोरल्याच्या हातात कोंबावा म्हणून मी तणतणत पाऊल उचललं, आणि ते आठवीवर पडलं.

काटा नाही, मी आवाज लावलेला नाही, तरी पायरी भक्कम. म्हणजे ती मी कधीच बसवली नव्हती! दर खेपेला मला शिव्या घालताना या दोघांचा सूर एक लागायचा. मी पाठ फिरवली की संपलं.

मान वर केली तर थोरल्याच्या मागे आजी. चपला घालून, कठडा धरून तयार.

"बोलत राहा हो," त्या हळूच म्हणाल्या.

त्यांना हे कधीचं ठाऊक होतं कोण जाणे. त्या थोरल्याला बाजूला सारून उतरू लागल्या. एका पायरीवर दोन्ही पाय, मग दम, मग पुढची. मी तोंड सोडलं.

"तुमचा जिनाच भिकार! सुताराला पकडा आधी!"

"आमच्या वडिलांनी बांधलाय!" दोघं एकदम.

"म्हणूनच वाकडा!"

त्यावर आजींच्या पाच पायऱ्या निघाल्या. पण शिव्यांनाही अंत असतो. आजी अकराव्या पायरीवर असताना धाकटा दम घेत म्हणाला, "जिना चांगलाच होता, वरच्यांनी किल्ली लपवेपर्यंत."

"किल्ली? मी लपवली?"

मी धप्पकन सातवीवर आलो. आजी नववीपर्यंत पोचल्या होत्या. त्यांनी पाऊल पुढे टाकलं, ते नववीवरच आलं. परत टाकलं, परत नववी. त्यांनी कठडा घट्ट धरला आणि माझ्याकडे पाहिलं. मला त्या दोघांचा इतका संताप आला, की जे ऑफिसात कुणापुढे कबूल केलं नसतं ते मी जिन्यात ओरडून सांगितलं.

"ऐका! ही पायरी मी एकदाही बसवलेली नाही! मला जमलेलं नाही! अकराच्या अकरा सह्या मी खोट्या घेतल्यात!"

मग वरून आणि खालून, एका दमात, "चोर!"

आठवी लागली. मी भिंतीला चिकटून आजींना वाट दिली. त्या खाली पोचेपर्यंत मी माझ्या सात पिढ्यांचा उद्धार ऐकला.

धाकट्याच्या बायकोनं बाळ त्यांच्या मांडीवर दिलं. आजी पहिल्या पायरीवर बसून बराच वेळ बघत राहिल्या.

"नाक बघा," त्या म्हणाल्या. "या दोघांचं असंच होतं. कुठलं कुणाचं कळायचं नाही."

डोक्यावर पुन्हा किल्लीचा वाद पेटला होता. आठवी गेली असणार, मी तपासलीसुद्धा नाही.

आमच्या फॉर्मवर अगदी तळाशी एक ओळ आहे, "बिघाड दुरुस्ती करणाऱ्याच्या चुकीमुळे". ती भरली की झालेल्या खेपा रद्द, मोजणी पुन्हा एकपासून. बावीस वर्षांत मी ती कधी भरली नव्हती. भरणाऱ्यांना हसलो मात्र होतो. ती भरली, खाली सही केली आणि भिंतीचा हुकूम फाडला.

"आजी, वर परत कधी जायचंय?"

"आठवडाभर राहीन म्हणते हिच्यापाशी. गुरुवारी या."

"दहाला येतो."

"दहाला येतो असं त्या दोघांना सांगून जा," बाळाच्या अंगावरचं दुपटं सारखं करत त्या म्हणाल्या, "आणि बाराला या."