सूप निवतंय

"आईंचा तुकडा काढा, मादाम," मायते म्हणाली. "चित्रपट तिथंच फतकल मारून बसतो."

ओदिल शेर्व्हेलने तो तुकडा पुन्हा लावला. संकलनयंत्राच्या इवल्याशा पडद्यावर तिची आई, चित्रपटातली आजी म्हणून, रूबे गावातल्या जुन्या घराच्या खिडकीतून वाकून हाक मारत होती, "पोरी, सूप निवतंय गं!" आणि हाक मारून झाल्यावर हसत होती. घात त्या हसण्यातच होता. सूतगिरणीत उभा जन्म काढलेली आजी असे हसत नाही. फोटोग्राफरपुढे बसलेली पाहुणी हसते.

वीसेक वर्षे ओदिलने पॅरिसच्या दिग्दर्शकांचे चित्रपट कापले होते. पाठीमागे ते तिला खाटीकबाई म्हणत, आणि पुढचा चित्रपट घेऊन पुन्हा तिच्याचकडे येत. तिचा नियम एकच होता : दिग्दर्शकाला जो तुकडा जिवापलीकडे प्रिय, तो आधी काढायचा, कारण त्याच्यापायीच तो उरलेल्या चित्रपटाशी खोटे बोलतो. एका वृद्ध दिग्दर्शकाला मृत पत्नीचे दृश्य सोडवेना, तेव्हा तिने डाव्या हाताने त्याला रुमाल दिला होता आणि उजव्या हाताने फीत कापली होती.

आता स्वतःच्या बालपणावरचा पहिला चित्रपट तिने दिग्दर्शित केला होता. दिग्दर्शकाने मागे बसावे, कात्री दुसऱ्याच्या हाती असावी, हा रिवाज मोडायला नको म्हणून तिने आपल्याच हाताखाली तयार झालेल्या मायतेला खुर्चीत बसवले होते.

"प्रकाश बघ तिथला," ओदिल म्हणाली. "खिडकीच्या पडद्याची सळसळ बघ."

"ते म्हातारबुवासुद्धा प्रकाशाबद्दलच बोलत होते, मादाम. रुमाल देऊ?"

"तिनं या एका हसण्यासाठी नवी कवळी बसवून घेतलीय."

"तेच तर दिसतंय."

ओदिल उठली. "सरक," म्हणाली, आणि तिने स्वतःच फीत कापली. हाकेचा आवाज तेवढा ठेवला, धावत येणाऱ्या मुलीच्या चेहऱ्यावर. दृश्य तत्क्षणी जिवंत झाले. ते तसे झाले नसते, तर तुकडा परत जोडता आला असता आणि आईला काही सांगावे लागले नसते.

तिने सांगितलेच नाही.

पहिल्या खेळाला आई नवी टोपी घालून, शेजारच्या मादाम व्हेरमेर्शना सोबत घेऊन रूबेहून आली. "हिला बजावलंय," ती ओदिलला म्हणाली, "पडद्यावर मला ओळखलं नाहीस, तर परतताना गाडीत उभीच राहा."

अंधार झाला. आईने लेकीचा हात धरला. मुलगी गल्लीतून धावत आली आणि हाक घुमली, "पोरी, सूप निवतंय गं!"

"अगं बाई," आई कुजबुजली, "कोण ही भसाडी?"

ओदिलचा हात आईच्या हातात तसाच होता आणि आई तो प्रत्येक नव्या दृश्यासरशी दाबत होती.

शेवटी दिवे लागले, टाळ्या झाल्या. लोक उभे राहून ओदिलच्या दिशेने वळले. मादाम व्हेरमेर्श टोपी सावरत उठू लागल्या, तशी आईने त्यांचा कोट ओढला. "बैस खाली. माझं यायचंय अजून."

पडद्यावरचा मखमली पडदा सरकून बंद झाला.

"माझं कुठंय गं?"

"लॅबमध्ये ते रीळ खराब झालं, आई."

मादाम व्हेरमेर्शनी सभ्यपणे दुसरीकडे पाहिले. आईने लेकीच्या गुडघ्यावर थोपटले.

"एवढंच ना? तोंड कशाला पाडतेस? परत काढू. कवळी आहेच की." ती जवळ झुकली. "आणि एक सांगते, रागावू नकोस. ती ओरडणारी म्हातारी काढून टाक. तेवढी एक फसलीय."

"बरं," ओदिल म्हणाली.

आईने रुमाल तोंडाशी धरला, कवळी काढली, निगुतीने पुसली आणि त्याच रुमालात गुंडाळून पर्समध्ये ठेवली. पुढच्या वेळेला लागणार होती.