लंकीच्या पाठचा

प्रश्न ऐकला आणि रंगुबाईने पदराचं टोक दातांत धरलं.

"बाई, मुलाचं वय काय?" न्यायाधीशांनी पुन्हा विचारलं.

ती खिडकीकडे बघत राहिली. बाहेर लिंबाची पानगळ चालू होती. त्र्याहत्तर सालचा तो दुष्काळी फेब्रुवारी, त्यामुळे पानं अंमळ जास्तच गळत होती. एखादं पान आत यायचं, पंख्याच्या वाऱ्यात गिरकी घ्यायचं आणि हळूच टेबलावर उतरायचं. तिला वाटलं, आपण कुठल्यातरी पाण्याच्या तळाशी उभ्या आहोत आणि माणसं वरून बोलताहेत.

बोलायला हवं होतं, हे तिला पक्कं ठाऊक होतं. कोठारी वकिलांनी कोर्टाच्या पायरीवर सगळं फोड करून सांगितलं होतं. तिचा कानिफनाथ सोळाच्या आतला ठरला तर त्याला मुलांच्या सुधारगृहात ठेवतील. वरचा ठरला तर मोठ्यांच्या तुरुंगात, दरोडेखोरांच्या पंगतीला. पाथर्डीकडून श्रीगोंद्याला ऊसतोडीला आलेली ही मायलेकरं. फडात मुकादमाने रंगुबाईला लाथ घातली आणि पोराने हातातला कोयता फिरवला. मुकादम वाचला, पण त्याचा हात अधू झाला. कोयता मारला हे पोरगं नाकारतच नव्हतं, तेव्हा प्रश्न उरला तो वयाचाच.

आणि वयाचा पुरावा कुठून आणायचा? पोर जन्मलं फडाशेजारच्या पाचटाच्या कोपीत, त्याची नोंद कोण करणार. शाळेचं तर नावच नको. डॉक्टरांनी दात पाहिले, हाडांचा फोटो काढला आणि पंधराही असेल, सतराही असेल, असं लिहून दिलं. त्यावर गावचे भिमाजी पाटील येऊन शपथेवर सांगून गेले, की मुलगा विशीचा आहे, खुद्द त्याची आईच गावभर तसं सांगत असते.

पाटील खोटं बोलले नव्हते, पंचाईत होती ती हीच. रंगुबाईची दोन लेकरं पाळण्यातच गेली, तिसरी लंकी चालायला-बोलायला लागून गेली. मग कानिफ झाला तेव्हा दगडाबाई सुईणीने नाळ कापता कापताच बजावलं होतं, की ह्याचं खरं वय कधी तोंडातून काढू नकोस, मनातसुद्धा मोजू नकोस. तू मोजलंस की सटवाईला आठवण होते. रंगुबाईने ते असं काही पाळलं की विचारू नका. अंगावर पिणाऱ्या पोराचं वय कुणी विचारलं तर खुशाल पाच वर्षं सांगायची. बायका हसून लोळायच्या. वस्तीवर पोराला सगळे म्हातारबा म्हणायचे. पण म्हातारबा जगला, वाढला, आईसाठी कोयता फिरवण्याएवढा झाला. आणि आता हे साहेब म्हणत होते, भर कोर्टात सांग.

सांगितलं तर सटवाई नेणार, न सांगितलं तर सरकार नेणार.

"मला त्याचं वय सांगायची बंदी हाय, सायेब."

"कुणाची?"

"सटवाईची."

मागच्या बाकावर कुणीतरी फिसकन हसलं. न्यायाधीशांनी नुसतं पाहिलं आणि ते हसणं थांबलं. लहानपणी कपाळाच्या कडेला लावायचा तो काजळाचा ठिपका त्यांच्याही आईने लावला असेलच की.

रंगुबाईने पुन्हा खिडकीकडे पाहिलं. चौकटीत लंकी बसली होती. नेहमीसारखीच, पाय हलवत. गेलेल्या लेकरांना मोजायला बंदी नव्हती. त्यामुळे लंकी तिच्या मनात बिनघोर वाढत राहिली होती. दर उन्हाळ्याला ती एक वर्षाने मोठी व्हायची. परकर नेसली, मग लुगडं नेसली, आता तर स्थळं बघायच्या वयाची होऊन बसली होती. केसांत लिंबाचं पिवळं पान अडकलेलं. ती आईकडे बघून हसली आणि मूठ उघडून दाखवली.

रंगुबाईने तोंडातला पदर सोडला.

"त्याचं न्हाई सांगत. त्याच्या बहिनीचं सांगितलं तर चालंल?"

न्यायाधीशांनी मान हलवली.

"नवा पैसा निघाला ना सायेब, त्याच उन्हाळ्यात माझी लंकी गेली. पुरताना तिच्या मुठीत एक नवा पैसा ठिवला. तांबडा, चकचकीत. तिला लई आवडायचा, सारखी मागायची. तवा ह्यो पोटात बी नव्हता. मंग पुढल्या उन्हाळ्यात ह्यो झाला. लंकीच्या पाठचा."

नवा पैसा सत्तावन्न सालचा, हे तिथल्या शिपायालाही ठाऊक होतं. पुढचा हिशेब कुणालाही बोटांवर करता आला असता.

कोठारी वकील लगबगीने उठले. "म्हणजे साहेब, आरोपीचं वय आज—"

रंगुबाईने दोन्ही हात जोडले, वकिलांकडे बघून नव्हे, न्यायाधीशांकडे बघून. न्यायाधीशांनी वकिलांना हाताने खाली बसवलं. कारकुनापुढचा कागद ओढून त्यांनी स्वतःच त्यावर काहीतरी लिहिलं, टिपकागद दाबला आणि कागद पालथा ठेवला.

"आकडा मोठ्याने वाचायचं कारण नाही," ते म्हणाले. "मुलाला सुधारगृहात पाठवा."

तो आकडा मग आपणही इथे बोलून दाखवायला नको.

बाहेर लिंबाखाली कानिफ दोन शिपायांच्या मध्ये उभा होता. गाडीला अवकाश होता, म्हणून हवालदाराने रंगुबाईला जवळ जाऊ दिलं. तिने त्याच्या खांद्यावरची पानं झटकली. आता रडायचं नाही असं ठरवूनही तिला रडू आलं. पोर मात्र कसल्या तरी विचारात होतं. आत सगळ्यांना कळलेली गोष्ट त्याला कधीच कुणी सांगितली नव्हती आणि बोटांवर मोजायलाही कुणी शिकवलं नव्हतं.

"आये," तो हळूच म्हणाला, "मंग मी खरंच कितीचा हाय गं?"

रंगुबाईने मिसरूड न फुटलेल्या त्या तोंडावरून हात फिरवला. मग मान वर करून लिंबाच्या शेंड्याकडे पाहिलं आणि आख्ख्या आवारात ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली,

"इसाचा. ईस बी सरत आली की रं."