वर केलेलं बोट

आमच्या घरातल्या पुस्तकांच्या कपाटात एक अख्खा कप्पा ओलीसप्रकरणाचा आहे. परदेशातल्या आपल्या वकिलातीत बंदूकवाले घुसले आणि तिथल्या माणसांना त्यांनी महिनोन् महिने डांबून ठेवलं. सुटून आल्यावर त्यांतल्या जवळजवळ प्रत्येकाने पुस्तक लिहिलं. कॉन्सलसाहेबांनी तर 'न झुकलेली मान' नावाचे दोन खंड लिहिले. सांस्कृतिक अधिकाऱ्याने कवितासंग्रह काढला, तेव्हापासून त्याला सगळे कविराज म्हणतात. कॉन्सलसाहेबांच्या बाईंनीही लिहिलं. त्या तेव्हा इथे माहेरी होत्या, पण हाल म्हणे त्यांचेच जास्त झाले. लिहिलं नाही ते फक्त आमच्या ह्यांनी. हे व्हिसाच्या खिडकीवर बसायचे. सगळ्या पुस्तकांत मिळून ह्यांचा उल्लेख एकदाच आहे, 'एक कर्मचारी' म्हणून, आणि त्या वाक्यात ते घोरतायत.

मी सगळी पुस्तकं वाचली आहेत. त्यांत उपोषणं आहेत, पळून जायचे बेत आहेत, पहारेकऱ्याच्या डोळ्याला डोळा भिडवून दिलेली सडेतोड उत्तरं आहेत. संडास मात्र एकाच्याही पुस्तकात नाही. एवढी मोठमोठी माणसं एका खोलीत कोंडलेली आणि एकालाही कधी जावं लागलं नाही, याचं मला पहिल्यापासून नवल वाटत आलंय.

कारण आमच्याकडे ते प्रकरण संडासाच्या दारापासूनच सुरू झालं. हे घरी आले त्याच दिवशी त्या दाराशी जाऊन उभे राहिले, उजव्या हाताचं पहिलं बोट खांद्यापर्यंत वर करून. मला वाटलं, भिंतीवरची पाल दाखवतायत. मी झाडू घेऊन धावले. पाल कुठेच नव्हती आणि हे तसेच उभे. मग माझ्या डोक्यात प्रकाश पडला. "जा," मी म्हटलं, तेव्हा कुठे गेले, तेही दार सताड उघडं टाकून. "दार लावा हो, घरात लेक आहे!" मी ओरडले. आपलीच मोरी अन् मुतायची चोरी ही म्हण लहानपणापासून ऐकत आले होते, आमच्या घरात ती खरीच झाली.

डॉक्टर म्हणाले, जाईल हळूहळू. कुठलं जातंय! ऑफिसातही हे खुर्चीवरून उठण्याआधी बोट वर करायचे. साहेबाने गोपनीय अहवालात 'अत्यंत शिस्तप्रिय' असा शेरा मारला. काय सोसलं ते ह्यांनी कधी सांगितलं नाही. विचारलं की "जाऊ दे ना" म्हणायचे. मग मलाही सवय झाली. हे बोट वर करतात, मी भाजी चिरता चिरता मान हलवते, हे जातात, मी "दार लावा" म्हणून ओरडते. लेक लग्न होऊन गेली तरी ओरडणं राहिलंच.

खोटं कशाला बोलू, मला ह्यांचं पुस्तक नको होतं, सत्कार तर नकोच होता. ह्या माणसाला कुणीतरी असं करून ठेवलंय, हे या घराबाहेरच्या एका तरी माणसाने चारचौघांत कबूल करावं, एवढीच माझी इच्छा होती.

झालं भलतंच. त्या देशातून आपल्याकडे गॅसची पाइपलाइन येणार असं ठरलं. पाइपलाइन आली की मैत्री आली, आणि मैत्री म्हटली की ती फार जुनी असावी लागते. म्हणून परराष्ट्र खात्याने एका प्राध्यापकाकडून नवा इतिहास लिहून घेतला. त्यात आमची माणसं ओलीस नव्हतीच. 'अशांत काळात वकिलातीच्या आवारात मुक्कामाला राहिलेले पाहुणे' होती. प्रकाशन त्या देशाच्या नव्या राजदूताच्या हस्ते, आणि हा राजदूत तेव्हा त्या खोलीच्या दाराशी बंदूक घेऊन उभा असायचा. कॉन्सलसाहेबांना पाइपलाइनच्या सल्लागार समितीवर घेतलं होतं, कविराजांना मैत्रीगीत लिहायला दिलं होतं. तिकडे जेवण किती छान असायचं, हे दोघांनाही आता आठवायला लागलं होतं.

राहता राहिले आमचे हे. प्राध्यापक घरी आले, समोर रेकॉर्डर ठेवला.

"काका, जेवण मिळायचं ना?"

"मिळायचं."

"तुम्हाला कुणी मारलं?"

"नाही. मला नाही."

"मग पाहुणे म्हणायला तुमची हरकत नसावी."

"म्हणा," हे म्हणाले.

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. "अहो, पाहुण्याला बाहेरून कडी लावून कोण ठेवतं?"

"काकू, इतिहासात भावनेला जागा नसते."

"मग कडीला तरी द्या!"

तेवढ्यात ह्यांनी बोट वर केलं. "बोला ना काका," प्राध्यापक म्हणाले. मी मान हलवली, हे उठून गेले. प्राध्यापकांनी कौतुकाने पाहिलं. "अगदी शांत स्वभाव आहे हो काकांचा," ते म्हणाले आणि रेकॉर्डर बंद केला.

दुसऱ्या दिवशी जावई आला. तो परराष्ट्र खात्यात, शिष्टाचार विभागात आहे. कार्यक्रमाची सगळी जबाबदारी त्याच्यावर होती, आणि कार्यक्रम नीट पार पडला तर परदेशी नेमणूक मिळणार होती.

"आई, बाबांनी फक्त स्टेजवर राजदूतांशेजारी बसायचं. काही बोलायचं नाही."

"ते त्यांना पाठच आहे," मी म्हटलं. "आणि नंदीबैलासारखी मानही डोलवायची असेल ना?"

"आई, प्लीज."

तो गेल्यावर मी ह्यांच्यावर घसरले. "तुम्हाला काहीच कसं वाटत नाही? उद्या छापून येईल, की तुम्ही तिकडे हवापालट करायला गेला होता!"

"जाऊ दे ना. पोरीचा संसार आहे. मी नुसता बसेन. तूही काही बोलू नकोस."

मी हो म्हटलं. मनात मात्र पक्कं ठरवलं, की राजदूताचं भाषण संपलं की उभं राहायचं आणि कडीचं विचारायचं. जावई गेला खड्ड्यात.

सभागृहात एसी इतका होता की दात वाजत होते. आधी चहा झाला, मग मंत्र्यांना उशीर म्हणून पुन्हा चहा झाला. पहिल्या रांगेत कॉन्सलसाहेब आणि कविराज, तिसऱ्या रांगेत मी, माझ्या बाजूला लेक. स्टेजवर मध्ये राजदूत, एका बाजूला मंत्री, दुसऱ्या बाजूला हे, इस्त्रीच्या कोटात आकसून बसलेले. गेले कित्येक दिवस मी ज्याला मनातल्या मनात शिव्या घालत होते तो राजदूत चांगला देखणा म्हातारा निघाला, याचाही मला राग आला.

तो कागदावर बघून वाचत होता, आणि आपल्या भाषेत. ती म्हणे तो पाहुण्यांकडूनच शिकला होता. उच्चार अडखळत होते, शब्द मात्र जड. "परस्पर स्नेहाचा... हा... अखंड प्रवाह," असं काहीसं चाललं होतं. प्रवाहाचं पान लांबत गेलं आणि मला दिसलं, ह्यांचं बोट वर आलंय. खांद्यापर्यंत.

तिसऱ्या रांगेतून मी सवयीने मान हलवली. पण हे माझ्याकडे बघतच नव्हते. हे राजदूताकडे बघत होते. आणि राजदूताने कागदावरची नजर न काढता, वाचता वाचता, मान हलवली. हे उठले आणि विंगेत गेले.

एवढ्यावर निभावलं असतं. पण पहिल्या रांगेत आणखी एक बोट वर आलं. कॉन्सलसाहेबांचं! दोन खंडांत न झुकलेल्या माणसाचं! त्यांच्या पाठोपाठ कविराजांचं. वयं झालेली, दोनदा चहा प्यायलेला, वर तो एसी. बिचारे किती वेळ कळ काढत बसले होते कुणास ठाऊक. कॉन्सलसाहेब तर अर्धे उठलेही.

"एकेकानं," राजदूत म्हणाला. "दार उघडं ठेवायचं."

हे कागदावर नव्हतं. माइकमधून ते सभागृहाच्या शेवटच्या रांगेपर्यंत गेलं, आणि उच्चार असा, की जसा इथेच जन्मलाय. कॉन्सलसाहेब खाली बसले. अक्षरशः मटकन बसले.

राजदूताला आपण काय बोललो ते कळलं असावं, त्याचा चेहरा उतरला. माझ्या मनात एकच गोष्ट फिरत होती. दार उघडं ठेवायचं. दार उघडं ठेवायचं. इतकी वर्षं मी ह्यांना काय ओरडत आले!

तेवढ्यात हे परत आले आणि खुर्चीपाशी उभे राहिले. बसेनात. मंत्री म्हणाले, "बसा, बसा." हे बसले नाहीत. जावयाने विंगेतून हातवारे केले. हे राजदूताकडे बघत उभेच. सगळं सभागृह बघतंय, फोटोवाले बघतायत. राजदूताने पाण्याचा घोट घेतला, कागद सारखे केले, इकडेतिकडे पाहिलं. शेवटी त्याला मान हलवावीच लागली, सगळ्यांच्या देखत. मग हे बसले. आणि कॉन्सलसाहेबांनी पुन्हा बोट वर केलं, कारण आता त्यांचा नंबर होता.

जावई मोठ्या जोरात टाळ्या वाजवायला लागला. मग बाकीच्यांनीही वाजवल्या, काय करणार! मंत्री म्हणाले, "किती हा घरोबा!" दुसऱ्या दिवशीच्या पेपरात 'जुन्या स्नेहाचे हृद्य दर्शन' असा मथळा आला. प्राध्यापक जाताना मला गाठून हळूच म्हणाले, "काकू, पुढच्या आवृत्तीत हे मी कुठे घालू?" मी त्यांना जागा सांगितली, ती इथे लिहीत नाही. जावयाला नेमणूक मिळाली, त्याच देशात. लेकीने कौतुकाने सांगितलं, की बंगला मोठा आहे आणि दारावर चोवीस तास पहारा असतो.

मला कडीचं विचारावंच लागलं नाही. रात्री मी ह्यांना म्हटलं, "मुद्दाम उभे राहिलात ना?"

"कुठे काय?" हे म्हणाले. "त्याने बस म्हटलं नव्हतं."

तरी मी खुशीत होते. जे हवं होतं ते झालं होतं, छापून आलं नाही तर नाही. सकाळी गुणगुणत भाजी चिरायला बसले. ह्यांनी बोट वर केलं. मी चिरता चिरता, वर न बघता, मान हलवली.

आणि सुरी तिथेच थांबली. ती मान मी काल बघितली होती. वाचता वाचता, वर न बघता. अगदी तीच.

मला हुंदकाच फुटला. हे बाहेर आल्यावर मी म्हटलं, "आजपासून मला विचारायचं नाही. तुमचं घर आहे. उठायचं आणि जायचं." हे हो म्हणाले. ह्यांचं हो काय, ते सगळ्यालाच हो म्हणतात.

दुपारी हे पुन्हा दाराशी येऊन उभे राहिले, बोट वर करून. मी ठरवलं होतं, बघायचं नाही, मान हलवायची नाही. मी मान ताठ करून भिंतीकडे बघत बसले. थोड्या वेळाने हे एका पायावरून दुसऱ्या पायावर व्हायला लागले. त्या खोलीतही कधीतरी एखादा पहारेकरी असाच भिंतीकडे बघत बसला असेल, हे माझ्या मनात आलं आणि मला राहवेना.

"अहो, जा ना! मी कोण तुम्हाला सांगणारी?"

ह्यांनी माझ्याकडे पाहिलं. आवाजात राग नव्हता, तक्रारही नव्हती, खरोखरच पडलेला प्रश्न होता.

"मग कुणाला विचारू?"

मी मान हलवली. हे आत गेले, दार उघडं ठेवून. मी भाजीचं ताट पुढ्यात ओढलं आणि आज 'दार लावा' म्हटलं नाही.