सुतळीपलीकडचे वाल

भातकापणी उरकली तसं कडावच्या पांडूने लेकीला विचारलं, "नदीकडच्या शेतात वाल टाकायचेत. जागा किती भरंल गं?"

शेताच्या तीन कडा सरळ, चौथी नदीबरोबर बाहेर फुगलेली. बीएस्सी करणाऱ्या दीप्तीला हुरूपच आला. तिने बांधापासून नदीपर्यंत सारख्या रुंदीचे पट्टे पाडले, काठावर खुंट्या ठोकल्या आणि खुंटीपासून खुंटीला सुतळी ताणली. प्रत्येक पट्टा समलंब चौकोन झाला. त्यांची बेरीज करून तिने उत्तर सांगितलं. सुतळीपलीकडे थोडी थोडी जमीन सुटत होती.

"तेवढं चालतं बाबा, अंदाजच हाय," म्हणत ती पनवेलच्या हॉस्टेलवर निघून गेली.

पंधरवड्याने आली, तर वाल उगवून वर आले होते, पण फक्त सुतळीपर्यंत. हिरवी कड प्रत्येक खुंटीशी मोडत गेलेली आणि तिच्यापलीकडे चंद्रकोरीसारखे उघडे तुकडे.

दीप्तीचं डोकंच फिरलं. "बाबा, सुतळी नुसती हिशेबाला होती! शेत नदीपर्यंत हाय, तुमाला ठाव नाय?"

"ठाव हाय की," पांडू शांतपणे म्हणाला. "पन तुझं उत्तर चुकाया नको, म्हणून पलीकडं एक दाणा पडू दिला नाय."

दीप्तीने घरातून ओंजळभर वाल आणले, सुतळी सोडून गुंडाळली आणि नदी वळेल तशी वळत पेरत निघाली.