चूलबंद आवतन

आमच्या ‘नळगंगा एफएम’चा इतिहास कोणी विचारला की मालक हिंमतराव खुर्ची पुढे ओढतात आणि स्वतःच्या दूरदृष्टीपासून सुरुवात करतात. मी तेव्हा दात-ओठ खात माइकची वायर गुंडाळत बसते. दूरदृष्टी कसली! हे स्टेशन माझ्या एका चुकीवर उभं आहे आणि आज ते मी सांगणारच.

हिंमतरावांचा मूळ धंदा मंडप आणि लाउडस्पीकरचा. “भोंगा एका गल्लीले ऐकू येते, रेडिओ साऱ्या तालुक्याले,” असं म्हणत त्यांनी मोताळ्यात एका कोल्ड्रिंकच्या दुकानावर दोन खोल्यांत स्टेशन टाकलं आणि बोलायला मला, सुवर्णाला, बसवलं. गाणी लोकांनी फुकट आणि आवडीनं ऐकली. जाहिरात मात्र कोणी देईना. कापडवाला म्हणे, “मले सारा तालुका वळखते, रेडिओवर काऊन सांगू?” सहा महिन्यांत हिंमतरावांचा धीर सुटला. उन्हाळा संपला की टॉवर उतरवू, हे ते मला रोज चहाबरोबर ऐकवत.

अशात एक दिवस सहदेवकाका कुबडी टेकत जिना चढून आले. आमच्याच बौद्ध वस्तीतले, निवृत्त पोस्टमन. मुलीचं, महामायाचं लग्न आठवड्यावर आलेलं आणि काकांचा पाय प्लास्टरमध्ये. जन्मभर दुसऱ्यांचं टपाल दारोदार नेलेल्या माणसाच्या स्वतःच्या पत्रिका घरात पडून होत्या. त्यांनी गावांची आणि नातेवाइकांची यादी माझ्यापुढे ठेवली. “सकाय-संध्याकाय वाचजो पोरी. एकही नाव सुटलं नाही पाह्यजे.” आमची पहिली जाहिरात! हिंमतरावांनी स्वतः खाली जाऊन काकांसाठी थंडगार बाटली आणली.

दोन दिवस मी इमानदारीनं यादी वाचली. वाचताना मलाच जांभया येत होत्या. तिसऱ्या दिवशी यादी संपली आणि माझ्या अंगात काय संचारलं कोण जाणे, मी दणक्यात म्हटलं, “अन जे जे ऐकून राह्यले, त्या साऱ्या घरायले महामायाच्या लग्नाचं चूलबंद आवतन हाये बरं का!”

आता चूलबंद आवतन ही काही साधीसुधी गोष्ट नाही. ते ज्या घराला मिळतं त्या घरात त्या दिवशी चूल पेटत नाही. तान्ह्या लेकरापासून आल्यागेल्या पाहुण्यापर्यंत सगळ्यांनी लग्नघरी जेवायचं. म्हणूनच ते दोन-चार जिवाभावाच्या घरांनाच देतात. आणि ते मोडलं तर देणाऱ्याचा अपमान होतो. मी ते अख्ख्या तालुक्याला देऊन मोकळी झाले. कानाला इतकं गोड लागलं की पुढे रोज दोनदा दिलं. काकांनी पहिले दोन दिवस ऐकलं, त्यांचं समाधान झालं. नंतर लग्नघरात रेडिओ ऐकायला सवड कोणाला?

लग्नाच्या दिवशी अकरा वाजता त्रिशरण-पंचशील झालं, पांढऱ्या साडीतल्या महामायावर फुलं पडली आणि मी खुशीत मागे वळून पाहिलं. रस्त्यावर ट्रॅक्टर, टेम्पो, ऑटो, एका मोटारसायकलीवर चौघं चौघं. मंडपात सैपाक चारशे माणसांचा आणि बाहेर दोन हजार माणूस. काकांची बायको बेबीताई एकाला विचारत होती, “तुम्ही कोणाकडले पाव्हणे हो?” तो ऐटीत म्हणाला, “आम्ही रेडिओकडले!”

काकांनी माझ्याकडे पाहिलं. मी खरं ते सांगून टाकलं.

“काय करून ठेवलं हे?” काका कुबडी आपटत म्हणाले. “माह्या पोरीच्या लग्नातून माणूस उपाशी गेला तं मी साऱ्यायले तोंड कसं दाखवू?”

चप्पल हातात घेऊन मी पळत सुटले, स्टेशन गाठलं, चालू गाणं तोडलं आणि माइक ओढला. “मी सुवर्णा बोलून राह्यली. चूक माही हाये, काकांची नाही. आवतन खरं हाये, ते वापस घेत नाही. पण सैपाक चारशेचा अन लोकं दोन हजार. ज्यायले चूल बंद ठेवा म्हटलं, त्यायनं आता पेटवा. जे असंन ते घेऊन या अन संगंच जेवा. महामायाच्या लग्नातून कोणी उपाशी जाऊ नये.”

बोलताना मला रडू फुटलं, तेही सगळं तालुक्यानं ऐकलं.

नशीब म्हणजे तो बाजाराचा दिवस होता. भाजीवाल्या बायांनी वांग्यांच्या टोपल्या उचलून थेट मंडपात नेल्या. घराघरांतून भाकरी आल्या, पिठलं आलं, ठेचा आला. एका हॉटेलवाल्यानं भज्यांची परात धाडली. हिंमतराव टेम्पोभर गंज-पातेली आणि कढया घेऊन आले. मला आल्या आल्या चार शिव्या हासडल्या आणि बाह्या सारून वांग्याची भाजी हलवायला उभे राहिले. पंगतीमागून पंगत उठू लागली. कोणाच्या ताटात कोणाच्या घरची भाकर होती, ते कोणालाच सांगता आलं नसतं. मी वाढून वाढून घामाघूम झाले होते आणि इतकी खूश मी त्याआधी कधीच नव्हते.

चार वाजता शेवटची पंगत बसताना उत्तमराव आले. शंभर एकरांचे धनी. वस्तीतल्या प्रत्येक लग्नाला येत, आहेराचं पाकीट देत आणि ‘आज उपास हाये’ म्हणून पाण्याला न शिवता परत जात. चाळीस वर्षांत त्यांचा हा उपास एकदाही चुकला नव्हता. आज मात्र मागे बायको रुखमाबाई, सुना आणि भुकेनं कावलेली सहा नातवंडं होती. पाकीट देऊन ते तिथेच घुटमळत उभे राहिले.

“उत्तमराव, आज उपास नाही काय?” काकांनी सरळ विचारलं.

“कायचा उपास!” उत्तमराव बायकोकडे बघत म्हणाले. “हे दिवसभर तो रेडिओ ऐकते. सकायपासून चूलच नाही पेटवली इनं, मंग रेडिओनं पेटवा म्हटलं तरी नाही. म्हणे, चूलबंद आवतन मोडता येत नाही. घरी अन्नाचा कण नाही, सहदेव.”

रुखमाबाई तोवर नातवंडांना घेऊन पंगतीत बसल्यासुद्धा होत्या. उत्तमरावांनी जोडे काढले आणि त्यांच्या शेजारी मांडी घातली.

“बुंदी सरली,” काका म्हणाले. “भाकर अन वांगे हायेत. आमच्याच घरचे हायेत असं नाही, साऱ्या तालुक्याचे हायेत.”

“वाढ ना मंग!”

काकांनी कुबडी माझ्या हातात दिली, एका पायावर तोल सांभाळला आणि वाकून स्वतः वाढलं. उत्तमरावांनी दोन भाकरी खाल्ल्या आणि तिसरी मागून घेतली.

त्या दिवशी महामायाच्या लग्नातून कोणीच उपाशी गेलं नाही. दुसऱ्याच दिवशी तो कापडवाला जाहिरात घेऊन आमचा जिना चढला आणि टॉवर उतरवायचं नाव हिंमतरावांनी पुन्हा काढलं नाही.